अस्सल आणि नक्कल

दिवाळीची सुट्टी लागली, की मुरबाड आणि शहापूर तालुक्यांतील घरोघरच्या अंगणांत किल्ले उभे राहू लागतात. विटांचे तुकडे, दगडगोटे, जुनी गोणपाटे आणि खाचरातली चिकणमाती एवढ्या सामग्रीवर रायगड, राजगड आणि प्रतापगड यांची उभारणी होते. मातीवर मोहरी किंवा अळीव पेरले, की चार-सहा दिवसांत हिरवेगार रान उगवते. बुरुजांवर मातीचे मावळे पहारा करू लागतात आणि माथ्यावर शिवछत्रपतींची सिंहासनारूढ मूर्ती विराजमान होते. मौजेची गोष्ट अशी, की ज्या मुलांच्या दृष्टीसमोर गोरखगड, मच्छिंद्रगड आणि सिद्धगड यांची शिखरे वर्षाचे बारा महिने उभी असतात आणि शहाजीराजांनी १६३६ साली ज्याच्या आश्रयाने अखेरची झुंज दिली तो माहुलीचा गड ज्यांच्या शेजारी आहे, तीच मुले हातभर उंचीचा मातीचा गड रचण्यात दिवसचे दिवस रमून जातात. हा गड खोटा आहे, असे कोणी म्हणत नाही. शेजारची वडीलमाणसे तो पाहावयास येतात, दिंडीदरवाजा कोठे आहे ते विचारतात आणि टकमक टोक चुकीच्या बाजूस झाले असल्यास तेही सांगतात.

नक्कल म्हटली, की तिला लगेच खोटी म्हणावे, असा एक समज आहे. तो कितपत खरा आहे, हे पाहण्यासाठी प्रथम आपल्या भाषेलाच विचारणे बरे. ‘अस्सल’ आणि ‘नक्कल’ हे दोन्ही शब्द मराठीत अरबी-फारसीच्या वाटेने आले आणि कारभाराच्या दप्तरांत स्थिरावले. ‘असल’ म्हणजे मूळ. मूळ कागद तो अस्सल आणि त्यावरून उतरून घेतलेला तो नक्कल. शेतकरी तलाठ्याकडून सातबाराचा उतारा आणीत, तेव्हा त्याच्या तळाशी ‘अस्सलबरहुकूम खरी नक्कल’ असा शेरा असे. आता उतारे संगणकावरून निघतात. पण तो जुना शेरा विचार करण्यासारखा आहे. नक्कल आणि तीही खरी! वरवर पाहता हे शब्द एकमेकांशी भांडतात असे वाटते. वस्तुतः त्यांत मोठा व्यवहार साठविलेला आहे. तो कागद आपण नक्कल आहोत हे लपवीत नाही. आपला मूळ कागद कोणता, हे सांगतो. आणि मुळात जे आहे त्यापेक्षा कमी वा अधिक काही बोलत नाही. एवढ्या अटी पाळल्या, की नक्कलही खरी ठरते आणि कचेरीत चालते.

‘प्रति’ हा संस्कृत उपसर्गही असाच प्रामाणिक आहे. प्रतिबिंब, प्रतिध्वनी, प्रतिमा, प्रतिकृती. आरशातील मुख हे मुख नव्हे, हे ‘प्रतिबिंब’ हा शब्द उच्चारतानाच मान्य केलेले असते. महाराष्ट्रातील भाविकांनी या उपसर्गाचा फार सुंदर उपयोग केला आहे. ज्यांना आषाढीस पंढरपूर गाठता येत नाही असे हजारो लोक मुंबईत वडाळ्याच्या विठ्ठलमंदिरात जातात आणि त्या स्थानाला ‘प्रतिपंढरपूर’ म्हणतात. पुणे जिल्ह्यातील केतकावळे येथे तिरुपतीच्या मंदिराच्या धर्तीवर बांधलेले मंदिर आहे. लोक त्याला ‘प्रतिबालाजी’ म्हणतात. शिवाजी महाराजांनी १६६१ साली प्रतापगडावर भवानीची स्थापना केली, तीही तुळजापूर शत्रूच्या मुलखात व दूर असताना. प्रतापगडच्या भवानीपुढे हात जोडणाऱ्याच्या मनात तुळजापूरची आठवण असतेच, आणि तरीही त्याचे हात उगाच जोडलेले नसतात.

मूर्ती वा मंदिर यांच्यापुरते हे ठीक झाले. एखादे सबंध गावच उचलून दुसरीकडे मांडावयाचे ठरविले, तर काय होते? हा प्रश्न कल्पनेतला नाही. असे प्रयोग जगात झाले आहेत आणि त्यांपैकी एक महाराष्ट्रातच, मुरबाडच्या पूर्वेस जी सह्याद्रीची भिंत उभी आहे तिच्याच दक्षिणेकडील रांगांत, झाला.

पुणे जिल्ह्यातील मुळशी तालुक्यात मोसे नदीवर वरसगावचे धरण आहे. त्या जलाशयाच्या काठी, दासवे गावाच्या परिसरात, एकविसाव्या शतकाच्या आरंभी लवासा नावाचे नवे नगर उभारण्यास प्रारंभ झाला. त्याचा मुख्य नमुना होता इटलीच्या किनाऱ्यावरील पोर्तोफिनो हे गाव. पाण्याच्या कडेने वळत गेलेली उंच, अरुंद, एकमेकींना खेटून उभी असलेली घरे. कोणी पिवळे, कोणी केशरी, कोणी गुलाबी. खिडक्यांना हिरव्या झडपा आणि खाली फरसबंद वाट. छायाचित्र पाहिले, तर क्षणभर आपण युरोपात आहोत असा भास व्हावा. पुढे या नगराच्या वाट्याला अनेक अडचणी आल्या. जमिनी आणि पर्यावरण यांवरून वाद झाले. २०१० साली केंद्र सरकारच्या पर्यावरण मंत्रालयाने काम थांबविण्याची नोटीस दिली. नंतर अटींवर परवानगी मिळाली. परंतु २०१८ साली प्रकरण दिवाळखोरीच्या न्यायाधिकरणापुढे गेले. आखलेल्या नगराचा थोडासाच भाग पुरा झाला. पैशाच्या आणि कायद्याच्या या गोष्टी येथे अधिक सांगण्याचे कारण नाही. नगर भरभराटीस आले असते, तरी पुढचा प्रश्न उरलाच असता.

पोर्तोफिनोची घरे तशी का आहेत? ते मूळचे कोळ्यांचे गाव. मागे डोंगर, पुढे समुद्र आणि मध्ये जागेची चिंचोळी पट्टी. म्हणून घरे आडवी न पसरता उंच वाढली आणि एकमेकींना टेकून उभी राहिली. भिंतींना भडक रंग दिले, ते समुद्रावरून परतणाऱ्या कोळ्याला आपले घर लांबून ओळखता यावे म्हणून, असे तेथील लोक सांगतात. तेथील पाऊसही आपल्यासारखा नव्हे. उन्हाळा कोरडा जातो आणि पाऊस हिवाळ्याच्या बाजूस, तोही बेताचा, पडतो. म्हणजे त्या घरांचा प्रत्येक विशेष हा कोणत्या ना कोणत्या प्रश्नाचे उत्तर आहे. मोसे खोऱ्यात ते प्रश्नच नाहीत. तेथे आषाढात दिवसामागून दिवस पावसाची झड लागते, भिंती ओलावतात, शेवाळ चढते. पोर्तोफिनोचे उत्तर तेथे आणले. परंतु सह्याद्रीने विचारलेला प्रश्न निराळाच होता.

येथे एक गंमत सांगितली पाहिजे, नाही तर इटलीच्या पदरात अधिक पुण्य टाकल्यासारखे होईल. त्या किनाऱ्यावरील पुष्कळ घरांच्या भिंतींवर खिडक्या, झडपा आणि दगडी नक्षी या वस्तू नुसत्या रंगाने चितारलेल्या असतात. लांबून पाहणाऱ्यास खिडकी दिसते. जवळ जावे, तर सपाट भिंत! म्हणजे ज्याची नक्कल केली, त्या अस्सलाच्या अंगावरही नकली खिडक्या आहेतच. खऱ्याखोट्याचा निवाडा तितका सोपा नाही, तो असा.

याहून नवलाची गोष्ट ऑस्ट्रिया देशातील हालस्टाट गावाची आहे. आल्प्स पर्वताच्या कुशीत, एका सरोवराच्या काठी हे चिमुकले गाव वसले आहे. त्याच्या वरच्या डोंगरात हजारो वर्षांपासून मीठ खणले जात आले. तेथे सापडलेल्या प्राचीन दफनभूमीवरून युरोपच्या इतिहासातील एका कालखंडालाच ‘हालस्टाट संस्कृती’ हे नाव मिळाले. १९९७ साली त्या परिसराचा जागतिक वारशात समावेश झाला. २०११ साली गावकऱ्यांना वार्ता लागली, की चीनमधील ग्वांगडोंग प्रांतात त्यांच्या गावाची हुबेहूब प्रतिकृती बांधली जात आहे. काहींना राग आला. आपल्या घरांची मापे आपल्याला न विचारता घेतली गेली, हे त्यांना रुचले नाही. काहींना मात्र अभिमान वाटला. २०१२ साली ते प्रतिगाव खुले झाले, तेव्हा मूळ गावचे महापौर समारंभास हजर होते. चर्चचा मनोरा तेथे आहे, चौक आहे, लाकडी सज्जे आहेत, सज्जांवर फुलझाडेही आहेत. मिठाची खाण मात्र नेता आली नाही. ज्या खाणीमुळे त्या अवघड कड्याखाली माणसे राहावयास गेली, ती खाण वगळून बाकी सर्व काही चीनमध्ये पोचले.

मुरबाडच्या मुलांना याचा अर्थ समजण्यास ऑस्ट्रियाला जावे लागणार नाही. सिद्धगडाच्या रानात २ जानेवारी १९४३ रोजी भाई कोतवाल आणि हिराजी पाटील हे स्वातंत्र्यवीर इंग्रजांच्या पोलिसांच्या गोळ्यांना बळी पडले. दरवर्षी त्या दिवशी माणसे तेथे जमतात व हुतात्म्यांना वंदन करतात. तेथील स्मारकासारखे दुसरे स्मारक कोणत्याही शहरात, अधिक उंच आणि अधिक गुळगुळीत दगडाचे, सहज बांधता येईल. ते स्मारकच असेल आणि त्यालाही मान मिळेल. पण पहाटेच्या थंडीत ज्या रानात ती माणसे होती, ते रान तेथे नसेल.

आता नकलेची दुसरी बाजू पाहिली पाहिजे. छत्रपती संभाजीनगर येथील बीबी का मकबरा ताजमहालाच्या नमुन्यावर बांधलेला आहे, हे सर्वश्रुत आहे. औरंगजेबाची पत्नी दिलरसबानू बेगम १६५७ साली वारली. तिच्या कबरीवर पुढील काही वर्षांत ही इमारत उभी राहिली. तिच्या दरवाजावरील लेखात अताउल्ला हा स्थपती आणि हंसपत राय हा अभियंता यांची नावे आहेत. अताउल्ला हा ताजमहालाच्या उस्ताद अहमद लाहोरी या स्थपतीचा मुलगा, असे मानले जाते. बापाने अस्सल बांधली आणि मुलाने नक्कल! खर्चाचा जुना आकडा सांगतात तो ६,६८,२०३ रुपये ७ आणे असा आहे. सात आण्यांपर्यंत हिशेब ठेवणाऱ्या त्या कारभाराने आग्र्यासारखा हात सैल सोडला नव्हता, हे उघड आहे. भिंतींच्या खालच्या भागाला व घुमटाला संगमरवर लाभला. बाकी काम दख्खनच्या काळ्या दगडाचे व त्यावर चुन्याच्या गिलाव्याचे.

ताजमहाल डोळ्यांत साठवून जो मकबऱ्यापुढे उभा राहतो, त्याची थोडी निराशा होते. मधली इमारत आखडल्यासारखी वाटते आणि चार मिनार तिच्या अंगावर आल्यासारखे. पण तीच व्यक्ती जवळ जाऊन त्या गिलाव्याकडे पाहू लागली, की चित्र बदलते. चुना घोटून घोटून त्याला दगडाची चकाकी आणलेली आहे. त्यात वेली, फुले आणि जाळ्या अशा काही नाजूक हाताने उठविल्या आहेत, की संगमरवर नाही याचे दुःख करण्याचे कारण उरत नाही. जेथे हा मकबरा ताजमहाल होऊ पाहतो, तेथे तो उणा पडतो. जेथे कारागिरांनी हातातल्या चुन्याचे गुण ओळखून काम केले, तेथे त्याची कोणाशी तुलना करावी असे वाटत नाही.

मुंबईच्या उत्तरेस गोराईला विश्व विपश्यना पॅगोडा आहे. २००९ साली त्याचे उद्घाटन झाले. बाहेरून तो ब्रह्मदेशातील, म्हणजे आजच्या म्यानमारमधील, यांगून शहराच्या श्वेडगॉन पॅगोड्यासारखा दिसतो; आणि विपश्यनेची परंपरा ज्या देशाने जतन केली, त्याच्याविषयीची कृतज्ञता म्हणून तो तसा मुद्दाम बांधला आहे. परंतु श्वेडगॉन आतून भरीव आहे, तर गोराईचा पॅगोडा पोकळ. सुमारे २८० फूट व्यासाचा त्याचा दगडी घुमट एकाही खांबाच्या आधाराशिवाय उभा आहे, आणि त्याखाली आठ हजार माणसे ध्यानास बसू शकतात. विजापूरच्या गोलघुमटाच्या जवळजवळ दुप्पट रुंदीचा हा घुमट राजस्थानातून आणलेले दगड एकमेकांत गुंतवून रचलेला आहे. बाहेरचे रूप आठवणीसाठी घेतले आणि आतली रचना गरजेप्रमाणे केली. याला नक्कल म्हणावयाचे, तर त्या शब्दाला बराच ताण द्यावा लागेल.

काही वेळा मूळ वस्तूच नष्ट होते, आणि मग नकलेवाचून गत्यंतर नसते. दुसऱ्या महायुद्धात, १९४४ सालच्या उठावानंतर, जर्मन सैन्याने पोलंडची राजधानी वॉर्सा पद्धतशीरपणे उद्ध्वस्त केली. जुने शहर म्हणजे विटांचा ढीग झाले. युद्ध संपल्यावर नागरिकांनी तेथे नवे, सोईचे शहर बांधण्याऐवजी जुनेच शहर पुन्हा उभे करण्याचे ठरविले. युद्धापूर्वी वास्तुकलेच्या विद्यार्थ्यांनी घरांची मापे घेऊन काढलेले आराखडे जपून ठेवलेले होते. अठराव्या शतकातील बेलोत्तो या चित्रकाराने रंगविलेली शहराची चित्रे हाताशी होती. ढिगाऱ्यातील विटा निवडून त्या पुन्हा भिंतींत घातल्या गेल्या. १९८० साली या पुन्हा बांधलेल्या शहराचा जागतिक वारशात समावेश झाला. त्यातील बहुतेक भिंती वयाने आजोबांच्या पिढीच्या. तरीही वॉर्साच्या माणसाला ‘तुमचे जुने शहर नकली आहे’ असे म्हणून पाहावे! शत्रूने जे पुसावयास घेतले, ते त्यांनी स्वतःच्या हातांनी पुन्हा लिहिले होते.

जपानी लोकांचा विचार याहूनही निराळा आहे. ईसे येथील शिंतो पंथाचे प्रमुख मंदिर लाकडाचे आहे. दर वीस वर्षांनी शेजारच्याच मोकळ्या जागेवर ते जसेच्या तसे पुन्हा बांधतात, देवतेचे स्थलांतर करतात आणि जुने उतरवून ठेवतात. मध्ये युद्धांच्या काळात खंड पडला असला, तरी ही रीत सातव्या शतकापासून चालत आली आहे; २०१३ साली बासष्टावी उभारणी झाली. मंदिर तेराशे वर्षांचे की काही थोड्या वर्षांचे? लाकूड पाहिले, तर नवे; परंतु ते तासण्याची, जोडण्याची आणि खिळ्यावाचून बसविण्याची विद्या बापाकडून मुलाकडे, गुरूकडून शिष्याकडे अखंड आलेली. वीस वर्षांचे अंतर मोठे हुशारीने ठरविले आहे, असे म्हणावे लागते. कारण ज्याने तरुणपणी एका उभारणीत हाताखाली काम केले, तो पुढील उभारणीत प्रमुख होतो आणि त्यानंतरच्या उभारणीत वृद्ध सल्लागार. दगडाच्या देशांनी वस्तू जपली, लाकडाच्या देशाने हात जपले. १९९४ साली जपानमधील नारा या शहरी निरनिराळ्या देशांचे जाणकार जमले आणि त्यांनी मान्य केले, की अस्सलपणाची एकच फूटपट्टी साऱ्या जगाला लावता येणार नाही. प्रत्येक संस्कृतीच्या रीतीप्रमाणे तो पाहिला पाहिजे.

असे पाहू लागले, तर मुरबाड-शहापूरच्या पाड्यांवरील कुडाचे घर ईसेच्या मंदिराचा दूरचा भाऊबंद ठरते. सह्याद्रीच्या उतारांवर कारवी नावाचे झुडूप माजते. त्याचे सोट सरळ, बोटाएवढे जाड आणि चिवट असतात. कारवी सात-आठ वर्षांतून एकदाच फुलते. तेव्हा सबंध डोंगर जांभळा होतो, मधमाश्यांची चंगळ होते, आणि मग ती झाडे वाळून जातात. ठाकूर, कातकरी, महादेव कोळी आणि कुणबी यांच्या घरांच्या भिंती पिढ्यान्‌पिढ्या या कारवीच्या झाल्या. आधी लाकडी मेढी रोवावयाच्या. त्यांवर आढे चढवून वासे टाकावयाचे. मग कारवीच्या काठ्या उभ्या लावून आडव्या बांबूच्या कामट्यांनी त्या घट्ट बांधावयाच्या. हा झाला कुड. त्याला आतून-बाहेरून शेणमातीचा गिलावा. वर उतरते छप्पर, कोठे पेंढ्याचे, कोठे कौलांचे. आणि त्याची वळचण इतकी पुढे काढलेली, की पागोळ्यांचे पाणी भिंतीपासून दूर पडावे. पावसाळ्याच्या चार महिन्यांत या भागात दोन हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस कोसळतो. म्हणून छपराचा उतार भर असतो आणि ज्या अंगाने झड येते तेथे पेंढ्याचा आडोसा बांधला जातो. चुलीचा धूर वाशांतून फिरत वर जातो, त्यामुळे लाकडाला कीड लागत नाही. उन्हाळ्यात तीच मातीची भिंत घर थंड ठेवते.

या घराला वास्तुशास्त्रज्ञ लागला नाही आणि आराखडा कोणी काढला नाही. तरी पोर्तोफिनोच्या घराप्रमाणेच त्याचा प्रत्येक विशेष म्हणजे कोणत्या तरी प्रश्नाचे उत्तर आहे. कुड कायमचा नसतो. काही वर्षांनी तो कुजतो, वाळवी लागते. मग रानातून नवी कारवी येते आणि भिंत पुन्हा बांधली जाते. एखाद्या म्हातारीला विचारावे, ‘आजी, हे घर किती वर्षांचे?’ तर ती सांगेल, ‘माझ्या सासऱ्यांनी बांधलेलं.’ त्या घरातील एकही काठी सासऱ्यांच्या हातची उरलेली नसेल, तरीही तिचे उत्तर चुकीचे नाही.

अलीकडे मुरबाड-शहापूरच्या डोंगरपायथ्याशी शहरातील लोकांची शेतघरे आणि विश्रांतिस्थाने पुष्कळ झाली आहेत. त्यांपैकी काहींत ‘खेड्यातील झोपडी’ बांधलेली दिसते. भिंत सिमेंटची, परंतु तिच्यावर काठ्यांच्या रेषा कोरून तपकिरी रंग दिलेला. कठड्याचे ओंडकेही सिमेंटचे, साल आणि गाठी यांसह. असे ओंडके आता गावोगावच्या बागांतही दिसतात आणि त्यांवर बसणाऱ्याला फसविण्याचा कोणाचा हेतू नसतो, हेही कबूल केले पाहिजे. तथापि हातभर उंचीचा मातीचा रायगड आणि सिमेंटची झोपडी यांत अंतर आहे. मातीच्या रायगडाने एका मुलाला महादरवाजा कोठे होता आणि तो तेथेच का होता, हे शोधावयास लावले. सिमेंटच्या झोपडीने कोणाला कोणताच प्रश्न विचारला नाही. पावसाच्या उत्तरादाखल जी वळचण पुढे आली होती, ती येथे शोभेपुरती वीतभर राहिली. आणि आत उकाडा होतो, म्हणून भिंतीला वातानुकूलनाचे यंत्र लावावे लागले.

आता त्याच पाड्यावरील दुसरे एक घर पाहू. एखाद्या कातकरी कुटुंबाला घरकुल मिळाले. त्यांनी कुड काढून विटांच्या भिंती घातल्या, वर पत्रा टाकला. शहरातून आलेले पाहुणे हळहळतात, ‘काय सुंदर झोपडी होती! अस्सलपणा गेला!’ ही हळहळ स्वस्त आहे. दरसाल कुड शाकारण्याचे कष्ट, विंचवासापांचे भय, पावसात गळणारे छप्पर आणि रानातून कारवी आणण्यास लागणारे दिवस हे त्या पाहुण्यांच्या वाट्याला आलेले नसतात. कुटुंबाला कोरडी जमीन हवी होती, कुलूप लागणारे दार हवे होते. त्यासाठी त्यांनी हाताशी असलेल्या साधनांनी घर बांधले. पत्र्याखाली उन्हाळ्यात जीव घाबरा होतो, म्हणून कित्येकांनी पुढे कुडाचीच एक पडवी काढली आहे आणि दुपारी सर्व माणसे तेथे येऊन बसतात. विटांच्या खोलीला चिकटलेली ही कुडाची पडवी कोणत्याही विश्रांतिस्थानातील झोपडीपेक्षा अधिक अस्सल आहे. ती कोणाची नक्कल करीत नाही; कोणाला दाखविण्यासाठीही ती नाही. वैशाखातल्या दुपारला दिलेले ते उत्तर आहे.

जे खरोखर नाहीसे होण्याच्या वाटेवर आहे, ते निराळेच. कुड विणण्यास काठ्या किती अंतरावर लावाव्या, कामटी ओली असताना वळवावी की सुकल्यावर, गिलाव्यात माती किती आणि शेण किती, हे ज्यांना ठाऊक आहे त्यांपैकी बहुतेकांचे केस पांढरे झाले आहेत. हे ज्ञान कोणत्याही दप्तरात लिहिलेले नाही, म्हणून त्याची नक्कल कोठल्याही कचेरीतून मिळावयाची नाही. कोल्हापूरजवळ कणेरी मठाच्या संग्रहालयात जुन्या गावगाड्याच्या प्रतिकृती केल्या आहेत. तेथे लोहार, कुंभार आणि सुतार आपापल्या कामात गुंतलेले पुतळे म्हणून पाहावयास मिळतात. ते पाहण्यासारखे आहे. पण पुतळ्याच्या हातातील कामटी वळत नाही.

बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानातील कारवी २०१६ साली फुलली होती, ती पुन्हा २०२४ साली फुलली. प्रत्येक डोंगराचे वर्ष तेच असेल असे नाही. कोठे एक वर्ष मागे, कोठे पुढे. बहर संपून काठ्या वाळल्या, की पाड्यांवरची माणसे कोयते घेऊन चढावर जातात आणि भारे बांधून आणतात. हल्ली त्यांतील पुष्कळशा काठ्या कुंपणाला, वेलांच्या मांडवाला आणि चुलीला लागतात. थोड्या बाजूला काढून पडवीच्या वळचणीखाली उभ्या करून ठेवलेल्या असतात.

स्वाध्याय

१. ‘अस्सलबरहुकूम खरी नक्कल’ या शेऱ्यात परस्परविरोध का वाटतो? तो वस्तुतः विरोध का नाही?
२. पोर्तोफिनोच्या घरांचे आणि कुडाच्या घराचे कोणते विशेष कोणत्या गरजेतून निर्माण झाले?
३. बीबी का मकबरा कोठे उणा पडतो आणि कोठे पडत नाही, असे पाठात म्हटले आहे? तुमचे मत सकारण लिहा.
४. ‘दगडाच्या देशांनी वस्तू जपली, लाकडाच्या देशाने हात जपले’ या वाक्याचा आशय उदाहरण देऊन स्पष्ट करा.
५. ‘प्रति’ हा उपसर्ग लागून झालेले आणखी पाच शब्द शोधा आणि प्रत्येकात मूळ वस्तू कोणती, ते सांगा.
६. तुमच्या गावातील सर्वांत वृद्ध गवंडी, सुतार किंवा कुड बांधणारी व्यक्ती यांना भेटून घर बांधण्याची रीत विचारा आणि ती त्यांच्याच शब्दांत उतरवून घ्या.